हौदातलं पाणी ओसरल्यावर : रुबेन ओस्टलुंडच्या ‘तुरिस्त’मधला पळ काढणारा बाप

अकबर-बिरबलाच्या गोष्टींतली हौदातली माकडीण आपल्यातल्या बहुतेकांना शाळेत जायच्या आधीच भेटलेली असते. कोरड्या हौदात माकडीण आणि तिचं पिल्लू ठेवलेलं. हौदात पाणी सोडलं जातं. पाणी चढेल तसं ती पिल्लाला पोटाशी, मग खांद्यावर, मग डोक्यावर घेते. पाणी तिच्या नाकातोंडाशी येतं तेव्हा मात्र पिल्लाला पायाखाली घालून त्याच्यावर उभी राहते. बिरबल म्हणतो, खाविंद, जिवाहून प्यारं काही नसतं. गोष्ट संपते, सांगणारी आजी दिवा मालवते.

काही घरांतल्या गोष्टीत पिल्लू मरतं. काही घरांत बिरबल वेळेवर पाणी काढायला लावतो. मला नेहमी या दुसऱ्या गोष्टीची काळजी वाटत आली आहे. पाणी ओसरलं, दोघंही जिवंत आहेत, अंग झटकून झाडावर परत गेले आहेत. आता रात्री ते पिल्लू कुणाच्या कुशीत झोपणार? सकाळी आई फळ तोडून देईल तेव्हा ते घेईल का? शेजारच्या फांदीवरची माकडं विचारतील, काय गं, काल हौदावर काय झालं, तेव्हा माकडीण काय सांगेल?

स्वीडनच्या रुबेन ओस्टलुंडनं 2014 साली नेमकी ही उरलेली गोष्ट लिहिली आणि दिग्दर्शित केली. स्वीडिश नाव ‘तुरिस्त’, बाहेरच्या जगात ‘फोर्स माज्योर’. त्या वर्षी मे महिन्यात कान महोत्सवाच्या ‘अन सर्टन रिगार्ड’ विभागात तिला ज्युरी पारितोषिक मिळालं. पुढच्या जानेवारीत स्वीडनचे गुलबागे पुरस्कार जाहीर झाले त्यात सहा तिच्या वाट्याला आले, पटकथेचाही त्यात होता. या लेखात त्या दोन तासांच्या चित्रपटातली एकच परिस्थिती घेतो : दुपारच्या जेवणाच्या टेबलावरून एक बाप उठून पळतो. संकट टळतं. बाप परत येतो. नायकाचं स्वतःबद्दलचं मत, त्याचं लग्न, त्याच्या मित्राची झोप, सगळं त्या एका पळण्याला बांधलेलं आहे. आणि हे हसवत हसवत केलेलं आहे, म्हणून पटकथा लिहिणाऱ्यानं त्याची चिरफाड करावी असं हे प्रकरण आहे.

आधी माणसं. तोमास आणि एब्बा, मुलगी वेरा, तिच्याहून धाकटा हॅरी. स्वीडिश मध्यमवर्गीय, चांगल्या कमाईचं कुटुंब, फ्रेंच आल्प्समध्ये पाच दिवस स्कीइंगला आलेलं. तोमास कामात बुडालेला असतो, म्हणून हे पाच दिवस घरच्यांसाठी, हे एब्बा सुरुवातीलाच कुणाला तरी सांगून टाकते. पहिल्याच दृश्यात रिसॉर्टचा फोटोग्राफर त्यांना गाठतो. जवळ या, डोकं टेकवा, हात खांद्यावर. चौघं अवघडून उभे राहतात आणि फोटोत मात्र सुखी कुटुंब उमटतं. निळ्या रंगाचे गरम कपडे घालून चौघं एका पलंगावर झोपलेले दिसतात, आरशासमोर रांगेत उभे राहून विजेच्या ब्रशनं दात घासतात. जाहिरातीत असतं तसं सगळं. बाहेर, डोंगरात, थोड्या थोड्या वेळानं स्फोटाचे आवाज येत असतात. बर्फ साठून अचानक कोसळू नये म्हणून रिसॉर्टवाले मुद्दाम छोटे स्फोट करून तो थोडाथोडा खाली आणतात. निसर्ग आटोक्यात आहे, तसं कुटुंबही आटोक्यात आहे.

दुसऱ्या दिवशी दुपारी ते उघड्यावरच्या रेस्टॉरंटात जेवत आहेत. समोर डोंगर. स्फोट होतो, वरून बर्फाचा लोट सुटतो. लोक हातात फोन घेऊन उभे राहतात, तोमासही चित्रण सुरू करतो. मुलगा घाबरतो. तोमास समजावतो, अरे हे मुद्दाम केलेलं असतं, त्यांना कळतं काय चाललंय ते. लोट मोठा होतो. आणखी मोठा. मग किंकाळ्या. एब्बा मुलांना कवटाळून खाली वाकते. तोमास हातमोजे आणि फोन उचलतो आणि चौकटीबाहेर जातो. मुलगा ‘पप्पा’ म्हणून ओरडत राहतो. पडदा पांढरा होतो, बराच वेळ काहीच दिसत नाही. मग धूर विरावा तसं ते पांढरं विरतं, कारण आलं होतं ते नुसतं भुरभुरतं हिमधुकं, खरा बर्फ तिथवर न पोचता आधीच थांबलेला. लोक ओशाळवाणं हसत जागेवर येतात. तोमासही येतो, खुर्ची ओढतो आणि सगळे ठीक आहेत ना, अशी चौकशी करतो.

हे सगळं एका स्थिर चौकटीत, न कापता, चार मिनिटांच्या आसपास चालतं. कॅमेरा तोमासच्या चेहऱ्याजवळ जात नाही. तो मोजे उचलताना हात वेगळा काढून दाखवत नाही. पहिल्यांदा पाहताना निम्म्या प्रेक्षकांच्या ध्यानात येत नाही की त्यानं काय काय नेलं. मीही दुसऱ्यांदा पाहिलं तेव्हा मोजे दिसले, आणि मोठ्यानं हसलो. फोनचं मी समजू शकतो, आजकाल तो अवयवच झाला आहे. पण मोजे! कॅमेरा असा दूर ठेवल्यानं लेखकाचं मोठं काम झालं. पुढे नवरा-बायको ‘काय घडलं’ यावर भांडणार आहेत, तेव्हा प्रेक्षकही आपल्या आठवणीत शोधू लागतो. आपण साक्षीदार असतो, पण फारसे खात्रीचे नाही.

ही तटस्थ, दुरून बघायची सवय ओस्टलुंडला आधीपासून आहे. त्याचा जन्म 1974 चा, गोथेनबर्गजवळच्या स्तिर्सो बेटावरचा. तरुणपणी तो आल्प्समध्ये स्कीइंगचे चित्रपट काढायचा, मग गोथेनबर्गच्या चित्रपटशाळेत गेला, आणि एरिक हेमेनडॉर्फ या मित्राबरोबर निर्मितीसंस्था काढली. या दोघांनी 2006 मध्ये स्टॉकहोममध्ये बँकेवरचा एक फसलेला दरोडा स्वतःच्या डोळ्यांनी पाहिला होता. ओस्टलुंडनं तो प्रसंग पुढे एका लघुपटात जसाच्या तसा उभा केला, एकाच शॉटमध्ये, आणि त्याला 2010 साली बर्लिनमध्ये लघुपटांचं सुवर्ण अस्वल मिळालं. त्यातही दरोडेखोरांइतकंच लक्ष बघ्यांवर आहे. त्याआधीच्या ‘दे ओफ्रिव्हिलिगा’ या चित्रपटात बसमधल्या संडासाचा पडदा कुणीतरी मोडतं, आणि ड्रायव्हर म्हणतो, मोडणाऱ्यानं कबूल केल्याशिवाय बस हलणार नाही. एवढीशी गोष्ट, पण कबूल करायचं म्हणजे सगळ्या बसदेखत लहान व्हायचं. ओस्टलुंडचा विनोद नेहमी या फटीत बसतो : माणूस स्वतःला जो समजतो आणि लोकांसमोर नेमकं जे करून बसतो, त्यांच्यामधल्या फटीत.

‘तुरिस्त’चं बीज त्यानं अनेक मुलाखतींत सांगितलं आहे. त्याच्या ओळखीचं एक स्वीडिश जोडपं लॅटिन अमेरिकेत सुट्टीवर असताना बंदूकधाऱ्यांनी गोळीबार केला. नवरा पटकन आडोशाला लपला, बायको उघड्यावर राहिली. दोघंही वाचली. पण घरी परतल्यावर दोन ग्लास वाइन पोटात गेली की ती बाई ती गोष्ट सांगायचीच, पाहुणे कुणीही असोत. इथं पटकथाकाराचा कान बघा. गोळीबार ऐकून दुसऱ्या कुणी गोळीबाराचा चित्रपट लिहिला असता. यानं वाइनचे ग्लास उचलले. घटना एकदाच घडते, सांगणं मात्र पुन्हा पुन्हा घडतं, आणि लग्न मोडायला सुरुवात होते ती सांगण्यात.

म्हणून या चित्रपटाची खरी रचना बर्फाच्या लोटावर नाही, तीन कथनांवर उभी आहे.

पहिलं कथन त्याच रात्री होतं. तोवर मुलांनी आईबापांना खोलीबाहेर काढून झालेलं आहे, कारण काय ते कुणी बोललेलं नाही. जेवणाला शार्लोत नावाची एक स्वीडिश बाई आणि तिचा तिथंच जमलेला अमेरिकन मित्र बरोबर आहेत. गप्पांत हिमस्खलनाचा विषय निघतो. एब्बा हसत हसत सांगते आणि मध्येच म्हणून जाते, हा तर पळाला. तोमास हसतो, छे, मी नाही पळालो. ती पुन्हा म्हणते. तो पुन्हा हसतो. समोरच्या अमेरिकनाचा चेहरा बघण्यासारखा आहे : चुकीच्या घरात जेवायला आलेल्या माणसाचा. एब्बाला धक्का बसतो तो या नकारानं. पळणं एका क्षणाचं होतं, शरीरानं केलेलं. ‘नाही पळालो’ हे डोकं शांत असताना, वाइन पीत, तिच्या डोळ्यांत बघून केलेलं आहे. तोमासचं म्हणणं एवढंच की मला ते तसं आठवत नाही. हे वाक्य घराघरांत किती उपयोगाचं आहे ते वेगळं सांगायला नको.

मग दोघं खोलीबाहेर येतात, कारण मुलं आत आहेत आणि भांडण बाहेर करायचं. हॉटेलच्या मार्गिकेत, झोपायच्या कपड्यांत उभे राहून ते दोघं चक्क एक संयुक्त निवेदन तयार करू बघतात, दोन देशांचे परराष्ट्रमंत्री करतात तसं. आपल्या दोघांचं यावर एकमत असलं पाहिजे. घडलेलं कसं मांडायचं? कठड्याला टेकून साफसफाईवाला सिगारेट ओढत हे बघतो. तो एक शब्द बोलत नाही. तो आला की भांडणाचा आवाज खाली जातो. मला हा या चित्रपटातला सर्वांत क्रूर माणूस वाटतो, आणि त्यानं काहीही केलेलं नाही. या कुटुंबाला आता प्रेक्षक मिळाला आहे, एवढंच.

दुसरं कथन दुसऱ्या संध्याकाळी. तोमासचा जुना मित्र मात्स येतो, लालसर दाढीचा, घटस्फोटित, दोन मुलांचा बाप. बरोबर वीस वर्षांची फान्नी. चौघं वाइन घेऊन बसतात आणि एब्बाला राहवत नाही. आता ती हसत नाही. ती सगळं सांगते, अगदी बारकाव्यांसकट, आणि तोमास गप्प बसून कुठेतरी दूर बघत राहतो. पेचात पडतात ते पाहुणे. मात्स मित्राचं वकीलपत्र घेतो. त्याचे युक्तिवाद ऐकण्यासारखे आहेत : अशा वेळी माणूस स्वतः उरत नाही, जगण्याची ओढच सगळं चालवते. शिवाय, कुणी सांगावं, तो मागाहून येऊन तुम्हाला बर्फातून उकरून काढायच्या विचारानंच बाजूला झाला असेल! एखाद्याला वाचवायला म्हणून मारलेली ही थाप इतकी मनापासून मारलेली असते की हसूही येतं आणि मात्सची मायाही वाटते. हा सगळा ताण शिगेला असताना मुलाचा खेळण्यातला ड्रोन भिरभिरत खोलीत घुसतो. लेखकानं ताणाच्या मधोमध खेळणं सोडलं. आपण दचकतो, आणि दचकल्याची लाज वाटून हसतो. म्हणजे काही क्षणांपुरती प्रेक्षकांचीही परीक्षा होऊन जाते.

मग एब्बा म्हणते, फोनवर चित्रण आहे. ज्या फोनसाठी तो टेबलाकडे वाकला होता त्याच फोननं सगळं टिपलेलं आहे. चौघं त्या छोट्या पडद्याकडे बघतात. आपल्याला तो पडदा दिसत नाही, दिसतात ते फक्त चेहरे. चित्रणात कुणीतरी पळतंय हे तोमासला मान्य करावं लागतं. आपल्याकडे म्हणतात, भिंतीला कान असतात. इथं खिशाला डोळे आहेत. पण पुरावा मिळाल्यावर एब्बा जिंकली का? खोलीत जी शांतता पसरते तिच्यात जिंकल्याची काही खूण नाही. इतका वेळ दोघांमध्ये निदान वाद तरी होता. आता वादही संपला, आणि त्याच्या जागी बसवायला दोघांकडे काही नाही. पटकथा लिहिणारे बरेचदा पुरावा शेवटाकडे राखून ठेवतात, तो मिळाला की गोष्ट मिटते. ओस्टलुंड तो मध्यावर खर्च करून टाकतो.

आणि लगेच रोग पसरतो. लिफ्टकडे जाताना फान्नी सहज बोलते की आपल्यावर ही वेळ आली असती तर तूही बहुतेक तोमाससारखंच केलं असतंस, मी कदाचित एब्बासारखं. मात्स दुखावतो. मी? का म्हणून? फान्नीला वाद घालायचाच नाहीये, तिला झोपायचं आहे. तो सोडत नाही. रात्रभर पलंगावर वळतो, परत विषय काढतो, आपण तसे नाही हे पटवून देत राहतो. काल्पनिक हिमस्खलनातून तो काल्पनिकरीत्या पळाला, या आरोपावर एक प्रौढ माणूस पहाटेपर्यंत जागा! चित्रपटातला हा भाग मी सर्वांत वरचा मानतो. तोमासचं निदान काही चुकलं तरी होतं. मात्सनं काहीच केलेलं नाही, तरी त्याची ‘मी कोण’ याबद्दलची समजूत एका वाक्यानं हलते. पुरुषाची ओळख किती पातळ बर्फावर उभी असते हे सांगायला ओस्टलुंडला इथं डोंगरही लागला नाही, लिफ्ट पुरली.

हे स्वीडनमध्येच का जास्त बोचतं, ते समजून घ्यायला थोडं मागे जावं लागेल. नवरा-बायकोचा कर वेगवेगळा लावायला स्वीडननं 1971 पासून सुरुवात केली. 1974 मध्ये बाळंतपणाच्या रजेच्या जागी आई आणि वडील दोघांनाही घेता येईल अशी पालकत्वाची रजा आणली. तसं करणारा तो जगातला पहिला देश. तरी बाप ती रजा आईलाच देऊन टाकतात असं दिसलं, तेव्हा 1995 पासून एक महिना खास एकेका पालकासाठी राखून ठेवला, तो घेतला नाही तर बुडाला. पुढे 2002 मध्ये दोन महिने झाले, 2016 मध्ये तीन. एकूण रजा 480 दिवसांची. तोमास आणि ओस्टलुंडची पिढी या धोरणांबरोबरच मोठी झाली. बाबागाडी ढकलणारा, डायपर बदलणारा बाप तिथं कौतुकाचा विषय उरलेला नाही, तो नेहमीचा आहे. म्हणजे कागदावर ‘पुरुषानं रक्षण करायचं आणि बाईनं घर’ ही वाटणी केव्हाच रद्द झाली. मग एब्बाला नेमकं काय लागलं? दोघं समान आहेत, तिनं मुलांना धरलं, तो पळाला, उलटंही होऊ शकलं असतं. पण तसं कुणालाच वाटत नाही. ना तिला, ना त्याला, ना आपल्याला. कायद्यानं पाडलेल्या घराचा पाया जमिनीखाली तसाच आहे, आणि बर्फ हलला की तो उघडा पडतो. स्वीडिश प्रेक्षकाला यातली दुहेरी लाज कळते : तोमास जुन्या मापानं भित्रा ठरलाच, आणि ते जुनं माप आपण अजून वापरतो म्हणून बघणारेही ओशाळले.

ओस्टलुंडनं बोलताना जहाजबुडीच्या आकडेवारीचाही आधार घेतला आहे. ‘बायका-मुलं आधी’ हा समुद्रावरचा नियम आपण सिनेमातून शिकलो. उप्साला विद्यापीठाच्या मिकाएल एलिंडर आणि ऑस्कर एरिक्सन या दोन अर्थशास्त्रज्ञांनी 2012 मध्ये 18 जहाजबुड्यांमधल्या 15,000 हून जास्त माणसांची नोंद तपासली. बायकांचं वाचण्याचं प्रमाण पुरुषांच्या जवळपास निम्मं निघालं, आणि कप्तान व खलाशी प्रवाशांपेक्षा जास्त वाचलेले. टायटॅनिक हा अपवाद होता, आणि नेमका अपवादच आपण नियम म्हणून पाठ केला. स्वीडनला हे नुसतं आकड्यांत ठाऊक नाही. 28 सप्टेंबर 1994 च्या रात्री टालिनहून स्टॉकहोमला निघालेली ‘एस्टोनिया’ बाल्टिक समुद्रात बुडाली. 852 माणसं गेली, त्यांत 501 स्वीडिश. जे 137 वाचले त्यांत तरुण पुरुषच जास्त होते. त्या पुरुषांना दोष देण्याचा इथं काहीच संबंध नाही. पण तोमास अपवाद नाही, तो सरासरी आहे, हे लेखकाला ठाऊक होतं. तोमासला मात्र ते ठाऊक नाही, त्याच्या लेखी तो त्या टायटॅनिकच्या डेकवरचा सभ्य गृहस्थ आहे.

चित्रपटाच्या बाहेरच्या नावातही हीच खोच आहे. फोर्स माज्योर म्हणजे करारातलं ते कलम : भूकंप, पूर, युद्ध अशी आवाक्याबाहेरची आपत्ती आली तर करार न पाळल्याचा दोष लागत नाही. आपण दैवी आपत्ती म्हणतो. मात्स आपल्या मित्रासाठी जे मागत असतो ते हेच कलम. लग्नाच्या करारात ते लिहिलेलं असतं का, यावर एब्बाचं मत वेगळं पडतं.

तिसरं कथन तोमासला स्वतः करावं लागतं, आणि तिथं पोचायच्या आधी लेखक त्याला थोडा आणखी सोलतो. चौथ्या दिवशी मात्स त्याला डोंगरावर नेऊन पोटातून ओरडायला सांगतो, मोकळं होशील म्हणून. तो ओरडतो. काही होत नाही. नंतर दोघं बियर घेत बसले असताना एक तरुणी येऊन सांगते, माझ्या मैत्रिणीला वाटतं की इथल्या सगळ्यांत तू देखणा आहेस. तोमासचा चेहरा दोन दिवसांत पहिल्यांदा उजळतो. थोड्या वेळानं ती परत येते : माफ कर, चूक झाली, ती तुझ्याबद्दल बोलत नव्हती. एवढंच दृश्य. कथेच्या दृष्टीनं काही उपयोग नाही, कापलं तरी चालेल, आणि कापलं असतं तर चित्रपट निम्म्यानं गरीब झाला असता.

रात्री मार्गिकेत तोमास कोसळतो. आधी तो रडतो ते खोटं असतं, आणि एब्बा ते ओळखते. मग खरं येतं, तेही असं बेढब, गळा काढून, की सहानुभूती वाटायच्या आधी तोंड फिरवावंसं वाटतं. तो कबुल्या देतो : मुलांशी खेळतानाही लबाडी करतो, बायकोशी बेइमानी केली आहे. आणि म्हणतो, मीही बळीच आहे, माझ्याच स्वभावाचा. म्हणजे कबुली देतानाही त्यानं स्वतःला बळींच्या रांगेत बसवलंच. या रडण्यासाठी ओस्टलुंडनं नटाला, योहानेस बाह कुन्केला, इंटरनेटवरचे पुरुषांच्या रडण्याचे वाईटात वाईट व्हिडिओ दाखवले होते. पुढे जानेवारी 2015 मध्ये ‘तुरिस्त’ ऑस्करच्या निवडक यादीत येऊनही अंतिम पाचांत आला नाही, तेव्हा न्यूयॉर्कच्या हॉटेलात ओस्टलुंड आणि हेमेनडॉर्फ निकाल बघत असल्याचा व्हिडिओ त्यांनीच टाकला. त्यात दिग्दर्शक चौकटीबाहेर जाऊन तोमाससारखाच हंबरडा फोडतो. स्वतःला वगळून विनोद करणाऱ्यांपैकी तो नाही, एवढं तरी यातून दिसतं.

मुलं धावत येतात, बापाच्या अंगावर पडून त्याला धरतात, आणि आईलाही बोलावतात. ती येते, त्या ढिगात सामील होते. तिचा चेहरा बघितला तर तिला तिथं यायचं नव्हतं हे कळतं. पुन्हा तो पहिला फोटो आठवतो, जवळ या, डोकं टेकवा. फरक एवढाच की आता फोटोग्राफरच्या जागी मुलं आहेत.

पाचव्या दिवसाबद्दल मात्र माझी जराशी तक्रार आहे. दाट धुक्यात चौघं स्की करतात, एब्बा मागे हरवते, तोमास मुलांना थांबवून धुक्यात शिरतो आणि थोड्या वेळानं तिला दोन्ही हातांवर उचलून आणतो. मुलांपर्यंत पोचल्यावर ती खाली उतरते आणि आपल्या स्की आणायला धडधडीत चालत परत वर जाते. म्हणजे नाटक होतं, मुलांसाठी बापाला परत बाप करून दिलं. प्रसंग सुंदर आहे. पण तो ठरवून केला की कसा, यात एब्बाला काय वाटलं, तिनं हे तडजोड म्हणून केलं की कीव म्हणून, हे तिच्या बाजूनं बघायला मिळत नाही. एब्बाचं काम करणाऱ्या लिसा लोव्हेन कोन्गस्लीनं तिला इतकं भरीव केलं आहे की लेखकानं तिला इथं आणखी एक दृश्य द्यायला हवं होतं असं वाटतं. पुरुषाचं अख्खं आतडं बाहेर काढणारा लेखक बाईच्या मनाच्या दाराशी जरा आदबीनंच थांबतो.

याच परिस्थितीवर दुसऱ्या हातांनी काय होतं हे बघायचीही सोय आहे. 2020 मध्ये अमेरिकेत ‘डाउनहिल’ नावानं तिची नवी आवृत्ती निघाली, विल फेरेल आणि ज्युलिया लुई-ड्रायफस यांना घेऊन. विनोदी नटांची जोडी मूळ चित्रपटापेक्षा कितीतरी जास्त नावाजलेली. तिथं नवऱ्याच्या वडिलांचा नुकताच मृत्यू झालेला आहे. म्हणजे त्याच्या पळण्याला आधीच एक दुःख चिकटवून ठेवलं आहे, त्याच्यावर फार रागावू नका म्हणून. तेवढ्यानं सगळा खेळ सैल पडतो. ओस्टलुंडच्या तोमासला कारण दिलेलं नाही. कारण दिलं की प्रेक्षक त्याच्याकडे बघतो, नाही दिलं की स्वतःकडे.

उरली बस. परतीच्या वाटेवर घाटातल्या वळणांवर ड्रायव्हरला गाडी वळवता येत नाही, दर वळणाला बस कड्याच्या टोकाशी जाऊन थबकते, मागे-पुढे होते. एब्बाचा धीर सुटतो. ती ओरडून बस थांबवायला लावते आणि स्वतः घाईघाईनं उतरते. आधी कोण उतरलं, मुलं कुठं होती, ते परत जाऊन बघायला हरकत नाही. मात्स या वेळी तयारीतच असतो : उभा राहून मोठ्यानं सूचना देतो, बायका-मुलं आधी! दोन दिवसांपूर्वी लिफ्टमध्ये गेलेली पत परत मिळवायची संधी चालून आली आहे. सगळे उतरतात. एकटी शार्लोत बसूनच राहते, जिच्या मोकळ्या, बाहेरच्या संबंधांना मुभा असलेल्या लग्नाबद्दल एब्बानं तिला तावातावानं प्रश्न विचारले होते, आणि बस तिला घेऊन निघून जाते. काहींना हा शेवट तोमासची सुटका वाटतो : बघा, ती पण घाबरली, फिटंफाट. मला तसं वाटत नाही. फिटंफाट झालं असतं तर कुणीतरी तसं बोललं असतं, निदान एकमेकांकडे बघितलं असतं.

आता सगळी मंडळी डांबरी रस्त्यावरून पायी उतरत आहेत. एब्बा दमलेल्या वेराला कडेवर घ्यायला सांगते ते मात्सला, नवऱ्याला नाही. शेजारून चालणारा एक अनोळखी माणूस तोमासला सिगारेट देऊ करतो. तो नको म्हणतो, मग मागून घेतो आणि ओढतो. हॅरी वर बघून विचारतो, पप्पा, तुम्ही सिगारेट ओढता?

हो, ओढतो, तोमास म्हणतो.